पान एकशे तेरापासून

माझ्याकडचं पुस्तक सुरू होतं एकशे तेराव्या पानावर,
एका वाक्याच्या मधोमध:
आणि मग तिने दार लोटून घेतलं.

कुठलं दार, कुणाच्या घराचं,
तीस वर्षं झाली, मला माहीत नाही.

ग्रंथालयाची बस यायची दर दुसऱ्या गुरुवारी,
सरोवराच्या उत्तर टोकाला, पेट्रोल पंपाशी.
सूर्य गेला होता, तो जानेवारीतच परतणार होता.
दुपारी दोनच्या अंधारात
बसच्या पायरीवर आपण बूट झटकायचो,
आणि वेइक्को, ड्रायव्हर तोच, ग्रंथपाल तोच,
म्हणायचा, "एक पुस्तक, दोन आठवडे. भांडू नका."

आपण भांडलो नाही.
मुखपृष्ठावर पाठमोरी मुलगी होती, चौदाची, आपल्याएवढी,
आणि दोघींनाही ती आजच हवी होती.
म्हणून तू वडिलांची सुरी काढलीस,
रेनडिअरच्या वासरांचे कान कातरतात ती,
आणि पुस्तकाचा कणा असा कापलास
की एक धागासुद्धा लोंबला नाही.
आरंभ तुला. शेवट मला.
"रविवारी बदलू."

शाळेच्या हजेरीत तू पिरिता होतीस.
बाईंना तेच सोपं पडे.
घरी बिरेत. तुझी आई बर्फावरून हाक मारायची
तेव्हा ते नाव कुत्र्यांनाही कळायचं.
आणि मी हेल्मी, घरीदारी हेल्मी,
मला कधी नाव बदलून कुठल्या दारातून आत शिरावं लागलं नाही.
हे तेव्हा लक्षात आलं नव्हतं.
तेव्हा तुमच्या स्वयंपाकघराच्या चौकटीवर
आपण पेन्सिलीने उंची मोजायचो
आणि मी हळूच टाचा उचलायचे.

त्या रात्री फोनवर तू म्हणालीस, तिची आई किती हसते गं.
मी म्हटलं, माझ्याकडे ती केव्हाच मेलीये.
तू रडलीस. मग चिडलीस. मग म्हणालीस,
"थांब, रविवारपर्यंत जिवंत असू दे तिला."

शुक्रवारी, जेवणाच्या रांगेत, बटाट्यांच्या वाफेत,
तोइवोने तुझ्या वडिलांच्या गाण्याची नक्कल केली,
दारुड्यासारखं झुलत, हेल काढत.
सगळे हसले.
मीही.
फार नाही. ट्रे सरळ राहील इतपत.
पण तू वळून बघितलंस तेव्हा
माझे दात दिसत होते.

रविवार आला. चर्चची घंटा झाली. फोन वाजला नाही.
वेइक्कोला मी सांगितलं, हरवलं.
त्याने छत्तीस मार्क्का दंडाची पावती फाडली
आणि विचारलं, "दोघींपैकी कुणाकडून?"

शेवट मला पाठ आहे.
ती मुलगी गाव सोडते, परत येते, कुणालातरी माफ करते.
कशाबद्दल, ते तुझ्या अर्ध्यात असणार.

आता सकाळी सहाला रेडिओवर
सामी भाषेतल्या बातम्या तू वाचतेस.
मला त्या भाषेतले अकरा शब्द येतात:
चार बर्फाचे, तीन शिव्या,
उरलेले तुझ्या आईच्या चुलीपाशी वेचलेले.
पण सुरुवातीला तू नाव सांगतेस, ते कळतं.
कॉफी उतू जाते, मी हलत नाही.

गेल्या हिवाळ्यात माळा आवरताना
ते अर्धं पुन्हा हाती आलं, आणि पहिल्यांदाच दिसलं:
पहिल्या पानाच्या कोपऱ्यात
दोन तिरप्या खाचा, खाली चंद्रकोर.
तुझी खूण. घरची नव्हे, तुझ्या एकटीची,
बाप्तिस्म्याला वासराबरोबर मिळालेली.
मी बूट बांधत होते तेव्हा फिरवली असशील सुरी.

कळपातलं जनावर दुसऱ्याच्या कुंपणात शिरलं
तर कान बघून ज्याचं त्याला देतात.
हे तूच सांगितलं होतंस.

रेडिओवाल्यांनी तुझा पत्ता दिला नाही.
पाकीट त्यांच्याच पत्त्यावर केलंय,
वर लिहिलंय बिरेत, ठसठशीत.
आत अजून काही ठेवलेलं नाही.
एकदा शेवटचं वाचतेय,
त्या दारापासून.